चाचांना आधार, बाबांना आधार

बाबांचा तोल जायला लागला, पण त्यांनी ते कधी कबूल केलं नाही. घरात भिंतीला हात लावत चालायचे आणि विचारलं की भिंतीला ओल आलीय का ते बघतोय म्हणायचे. काठीचा विषय काढला की जेवण टाकून उठायचे, तेही टेबल धरून.

मग शेजारच्या चाचांनी आमची काळजी मिटवली. भिवंडीतल्या एकाच कारखान्यात दोघांनी उभा जन्म कापडाचे लूम चालवले, आता दोघेही घरी. संध्याकाळी हातात हात घालून नाक्यावर चहाला जायला लागले. बाबा मला हळूच म्हणाले, की चाचांचे पाय हल्ली लटपटतात, मी धरतो म्हणून बरंय. चाचांच्या सुनेला मी हे सांगितलं, तर तिला हसू आवरेना. चाचा घरी अगदी हेच बाबांबद्दल सांगत होते.

एका संध्याकाळी कारखान्यासमोर एक टेम्पो रिव्हर्समध्ये मागे यायला लागला. बाबांनी चाचांना वाचवायला एकीकडे ओढलं, चाचांनी बाबांना वाचवायला दुसरीकडे, आणि दोघे मिळून सुताच्या कचऱ्याच्या ढिगात जाऊन बसले. ढीग मऊ, लागलं कुणालाच नाही. पण उठता येईना, कारण हात कुणीच सोडेना. निरोप मिळून मी धावत पोचले तेव्हा दोघांच्या केसांत, मिशांत पांढरं सूत अडकलेलं आणि शिफ्ट सुटलेले कामगार भोवती उभे.

"मी हात सोडला तर तो पडेल," बाबा मला म्हणाले. दोघेही बसलेलेच होते.

"बेटा, पहले इनको उठाओ," चाचा म्हणाले. "मेरा क्या है."

दुसऱ्या दिवशी सुनेनं आणि मी दोघांना एकाच रिक्षात बसवून डॉक्टरांकडे नेलं. डॉक्टरांनी चालवून पाहिलं, चालू असलेल्या गोळ्या विचारल्या, पायांचे व्यायाम दाखवले आणि दोघांनाही काठी सांगितली. बाहेर आल्यावर बाबांनी मला बाजूला घेतलं.

"मला काही गरज नाही. पण मी घेतली नाही तर तोही घेणार नाही. घेऊन टाक."

पलीकडे चाचा सुनेला हिंदीत तेच समजावत होते.

चाचा बाबांपेक्षा चांगले वीतभर उंच. दुकानदारानं दोघांच्या मापाच्या काठ्या दिल्या. पहिल्याच संध्याकाळी नाक्यावरून परतले ते एकमेकांच्या काठ्या घेऊन. चाचा कमरेत वाकलेले, तर बाबांचा कोपर हवेत, बसमधला दांडा धरल्यासारखा. बदलून घ्या म्हटलं, तर बाबा म्हणाले, त्याला माझी आवडलेली दिसते, राहू दे.

शेवटी दोघे आमच्याकडे बातम्या बघत बसले असताना सुनेनं आणि मी काठ्या गुपचूप बदलल्या. दुसऱ्या दिवशी बाबा ताठ चालत घरी आले आणि व्यायामाचा एवढ्या लवकर गुण येतो हे माहीत नव्हतं म्हणाले. व्यायाम त्यांनी तोवर एकदाही केला नव्हता.