शिवकांताअक्काच्या कमरेची नाडी

आमच्या गल्लीत कुणाच्या घरी काय शिजलंय ते वासावरून कळतं आणि कुणाच्या घरी काय बिनसलंय ते वाळत घातलेल्या कपड्यांवरून. शिवकांताअक्काची गच्ची माझ्या स्वयंपाकघराच्या खिडकीसमोरच. दोन हजार नऊचा एप्रिल होता. तिच्या तारेवर पाच परकर वाळत होते आणि पाचांवरही उजव्या बाजूला, नेफ्याच्या जरा खाली, एकाच जागी एक डाग होता. धुऊन धुऊन तपकिरी पडलेला. एखाद्या परकरावर असता तर हळदीचा म्हणून सोडून दिला असता. पाचही परकरांवर, तोही बरोब्बर त्याच जागी, हे काही मला पटेना.

दुपारी मी विचारलं तर अक्का परातीतून मान वर न करता म्हणाली, "घामोळं हाय. उन्हाळा हाय का न्हाई लातुरात? कॉलेजवाली, तुझं ध्यान सारं माझ्या परकरावर."

मला ती नावानं कधी हाक मारत नाही. मी बी. ए. झालेली, म्हणून कॉलेजवाली. तिला सगळे अक्काच म्हणतात, आणि तिच्या खानावळीतल्या मुली काकू म्हणतात. त्या वर्षांत आमच्या गल्लीत घर तिथं खाटा होत्या. नांदेड, हदगाव, हिमायतनगर, कुठकुठून मुली क्लाससाठी येऊन राहायच्या, डॉक्टर व्हायच्या नादात जेवण विसरायच्या. चाळीस मुली अक्काकडं जेवायच्या. पहाटेपासून ती भट्टीसमोर उभी. पदर खोचलेला, कमरेला किल्ल्यांचा जुडगा आणि एक मेणकापडाची पिशवी. ती पिशवी तिनं कधी काढलेली कुणी पाहिली नव्हती. मुली म्हणायच्या, काकूच्या कमरेला बँक आहे.

पिशवीत पैसा नव्हता. रेशनकार्ड होतं, आणि लग्नातला एक फोटो.

त्र्याण्णव साली भूकंप झाला तेव्हा अक्का औसा तालुक्यातल्या सासरच्या गावी होती. गणपती बुडवून आलेले लोक दमून झोपले होते. त्या रात्रीचं तिनं मला एकदाच सांगितलं, डाळ निवडता निवडता. नवरा आणि सासू गेली, हे तिनं एका वाक्यात उरकलं. मग म्हणाली, "उकडत हुतं म्हणून नाडी सैल सोडून निजले हुते. सकाळी वढून काढलं तर लुगडं ढिगाऱ्यात, परकर बी निसटलेला. सारं गाव उभं. कुण्या परक्या माणसानं आपलं धोतर फाडून गुंडाळलं मला. मेले ते मेले, कॉलेजवाली. पन मी जित्ती असून उघडी पडले, त्येच जास्ती लागलं. सांगायची बी लाज वाटती."

पुढं पत्र्याच्या शेडमध्ये सगळ्याच बायका नाड्या घट्ट आवळून झोपायच्या. केव्हा पळावं लागेल याचा नेम नव्हता. कागदपत्रं ढिगाऱ्यात गेल्यामुळं आपण त्याच गावच्या आहोत हे पटवायला अक्काला महिनाभर खेटे घालावे लागले, म्हणून नवं रेशनकार्ड तिनं नाडीलाच बांधलं. हळूहळू बाकीच्या बायका सैलावल्या. अक्का लातुरात आली, खानावळ घातली, पण सोळा वर्षं सैलावली नाही. दिवसा तीच गाठ आणि रात्रीही तीच. तीही सुती दोरीची, पिळदार, उजव्या कुशीला. वर घाम, मीठ, भट्टीची धग.

तो डाग मी सोडला नाही. रोज काहीतरी निमित्त काढून जायची. चौथ्या दिवशी तिनं वैतागून दार लावलं आणि नाडी बोटभर खाली सरकवली.

कमरेभोवती काळा पट्टा होता, मधे मधे रंग उडून पांढरट पडलेला, खपल्या धरलेला. तेवढं तर माझ्याही कमरेला आहे. गल्लीतल्या कुठल्याही बाईच्या कमरेला आहे. आम्ही त्याला नाडीचा वळ म्हणतो आणि बांगडीच्या वळासारखा तो अंगाचाच धरतो. पण अक्काच्या गाठीखाली त्या वळात रुपयाएवढी जखम होती. कडा वर आलेल्या, जाड, भाकरीचा काठ करपावा तशा. मधोमध ओलसर. चिंधी काढताना रक्त आलं.

"कधीपासून आहे?"

"दिवाळीपासून. हळद लावून राहिले, खोबरेल लावून राहिले. भरती अन् पुन्ना फुटती."

"दुखते?"

"न्हाई. दुखत असती तर बघितलं नसतं का मी?"

तिच्या न दुखण्याचीच मला भीती वाटली. दिवाळी ते एप्रिल. घामोळं सहा महिने राहत नाही.

मी तिला त्वचेच्या डॉक्टरीणबाईंकडं नेलं. तिथं अक्काला टेबलावर झोपवून डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "नाडी सोडा." अक्काचा हात गाठीवर गेला आणि तिथंच राहिला. गाठ अशी बसली होती की दातांनीही सुटली नसती. बाईंनी ट्रेमधली कात्री उचलली.

"कात्री नको," अक्का म्हणाली. "मी बांधली, मीच सोडते."

पाचेक मिनिटं लागली असतील. नखं लावून, ओढून, वळवून तिनं एकेक पीळ सोडवला. बाहेर रांग लागली होती आणि कंपाउंडर दोनदा डोकावून गेला. मी भिंतीकडं बघत होते. गाठ सुटली तेव्हा तिनं पिशवी माझ्या हातात दिली. "सांबाळ," एवढंच म्हणाली.

बाईंनी जखम दाबून पाहिली, जांघेत बोटं फिरवून कुठं गाठ लागते का पाहिलं. मग खुर्ची ओढून बसल्या. "महिना झाला तरी न भरणारी जखम, वर आलेल्या कडा, हात लावला की रक्त. एवढं दिसलं की मी वाट बघत नाही. तुकडा काढून तपासायला पाठवू."

"कशाचा संशय हाय?" अक्कानं विचारलं.

"कातडीच्या कॅन्सरचा."

मी मधेच म्हणाले की तो गोऱ्या लोकांना होतो ना, उन्हानं. बाई हसल्या नाहीत. म्हणाल्या, आपल्या रंगाच्या कातडीला उन्हाचा त्रास कमी, ते खरं. म्हणूनच आपण गाफील राहतो. आपल्याकडं तो दुसऱ्या वाटेनं येतो. जुन्या भाजल्याच्या वणात येतो, वर्षानुवर्षं चिघळणाऱ्या जखमेत येतो, रोज घासल्या जाणाऱ्या जागी येतो. तळपायावर किंवा नखाखाली नवा काळा डाग उठला, जुना तीळ वाढायला लागला, त्याचा रंग किंवा कड बदलली, तरी दाखवायचं. "आणि लवकर आलं तर बहुतेक वेळा काढून टाकता येतं," त्या म्हणाल्या. "तुम्ही फार लवकर आला नाहीत. पण गाठ लागत नाही. अजून वेळ आहे."

तुकड्यानं संशय खरा ठरवला. त्याच आठवड्यात रेणापूरहून तिचा दीर गुंडप्पा आला. माणूस वाईट नाही. वर्षाची ज्वारी तोच आणून टाकायचा. पण त्या दिवशी ओसरीवर बसल्या बसल्या त्यानं निकाल देऊन टाकला.

"कापायचं न्हाई, वैनी. लोखंड लागलं की ह्यो रोग खवळतो. आमच्या गावात एकाला कापलं, सा म्हैन्यात गेला."

"कापल्यानं गेला का उशिरा कापल्यानं गेला, इचारलं का भाऊजी तुमी?"

"एक लेप देणारा हाय माझ्या वळखीचा..."

"हळद लावून बघितली सा म्हैने. आनखी काय लेपायचं?"

गुंडप्पानं आवाज खाली आणला. "आपरेशनवाला पुरुष डॉक्टर हाय म्हनं. कमरंचं काम. लोक काय म्हनतील?"

अक्का पोळपाटावरचं पीठ झाडत होती. ती थांबली. मला वाटलं, आता ही ढासळणार. सोळा वर्षं जिला हीच भीती आवळून होती, तिला यानं नेमकं तिथंच बोट लावलं होतं.

"भूकंपात मला ज्यानं वढून काढलं," ती म्हणाली, "त्यो बी पुरुषच हुता, भाऊजी. परका. त्यानं तवा लोकांची लाज धरली असती तर मी ढिगाऱ्यातच ऱ्हायले असते. मीच येडी. इतकी वर्सं त्या मानसाला मनात शिव्या देऊन राहिले." मग लाटणं उचलत म्हणाली, "मंगळवारी आपरेशन हाय. यायचं तर या. न्हाईतर ज्वारी उतरवा अन् जावा."

गुंडप्पानं ज्वारी उतरवली. मंगळवारी आलाही, पण दवाखान्याच्या दाराबाहेरच उभा राहिला.

त्याच्या आधी सोमवारी खानावळीत जे झालं ते सांगायलाच हवं. कॅन्सर हा शब्द गल्लीत शिरला की त्याला पाय फुटतात. हदगावचे लिंबाजीराव सकाळच्या बसनं आले आणि भर जेवणात आपल्या मुलीच्या ताटापाशी उभे राहिले. "ऊठ. दुसरी खानावळ बघितलीय मी. असल्या हातचं खायचं न्हाई."

मुलींचे घास हातात राहिले. मी भाजी वाढायला म्हणून गेले होते, माझाही डाव हातातच राहिला.

अक्का भट्टीवरून पुढं आली. पदरानं हात पुसले. "हाव, मला कॅन्सर हाय," ती म्हणाली. "कातडीचा. हितं, कमरंला. उद्या कापून काढनार हायत. ज्या पोरीला घास उतरत नसंल तिनं ताट सरकवावं, माझा राग न्हाई. पन तुमी समद्या डाक्टर व्हायला आलाव ना गं? मग सांगा ह्यांना. भाकरीतून लागतो का ह्यो?"

चाळीस होऊ घातलेल्या डॉक्टर, आणि सगळ्यांच्या माना ताटात. मला त्यांचा राग आला होता, खोटं कशाला सांगू.

मग हिमायतनगरची लुंबिनी, एरवी जिला मीठ मागायलाही लाज वाटायची, म्हणाली, "लागत न्हाई, काकू. हातानं न्हाई, ताटानं न्हाई, जवळ बसल्यानं बी न्हाई. अन् मला आणखी एक भाकर."

अक्कानं तिला दोन वाढल्या. लिंबाजीरावांची मुलगी मान खाली घालून जेवतच होती. तिनं ताट पुसून संपवलं, मगच उठली. त्या दिवशी तीन मुली खानावळ सोडून गेल्या. त्यातली एक पंधरा दिवसांनी परत आली. ती लिंबाजीरावांची नव्हती.

ऑपरेशनमध्ये जखमेभोवतीची चांगली कातडीही काठासकट काढली आणि मांडीची कातडी काढून तिथं बसवली. खानावळ तेवढे दिवस मी आणि जोहराबीनं ओढली. जोहराबी म्हणजे गल्लीच्या तोंडाची शिलाईवाली. माझी भाकरी मुलींनी निमूट खाल्ली, त्यांचे उपकार. अक्का घरी आली ती नवीनच भांडण घेऊन. डॉक्टरांनी कमरेला दोरी लावायची नाही म्हणून बजावलं होतं, आणि बाजारात मिळणाऱ्या प्रत्येक परकराला दोरीच.

"तू शिवतीस ना गं चाळीस वर्सं?" तिनं जोहराबीला विचारलं. "मग ह्यो फास कुनी शिवला आमाला?"

"तुम्हीच मागता ना घट्ट," जोहराबी म्हणाली. "मैं क्या करूँ? सैल शिवलं की परत आणून आदळता."

तरी तिनं चार बोटं रुंद पट्टा लावून परकर शिवला, मऊ कापडाचा, हुकांचा. अक्कानं तो घालून पाहिला, दोनदा बसून उठून पाहिलं, आणि आणखी पाच सांगितले. त्यानंतर तिच्याकडं बसायला आलेली बाई तशी सुटत नसे. दार लावून अक्का विचारायची, "दाखव तुझा वळ." लाजणारीला आपलाच वण दाखवायची. नाडी रोज एका जागी बांधू नको, रात्री सोडत जा, खपली महिनाभर हटली नाही तर माझ्याबरोबर चल. तीन बायकांना तिनं डॉक्टरीणबाईंकडं नेलं. दोघींचं साधं खरजेवर निभावलं. तिसरीचं वेळेत कळलं. दर तपासणीला अक्का स्वतः वेळेवर जायची. पाच वर्षं गेली. पुन्हा काही उगवलं नाही.

आणि मग तो दुपारचा हादरा. फार मोठा नव्हता, भांडी वाजली, पंखा हलला. पण लातुरात भांडी वाजली की माणूस विचार करत नाही. सगळी गल्ली रस्त्यावर. बायका पदर सावरत, पुरुष चपला शोधत, मुली पुस्तकं छातीशी धरून. गुंडप्पा ज्वारी घेऊन आलेला होता, तोही पोत्याशेजारी उभा.

सगळ्यात शेवटी अक्का बाहेर आली. जेवणं उरकून ती वामकुक्षी घेत होती. अंगात सैल गाऊन, केस मोकळे, कमरेला काही नाही. किल्ल्या नाहीत, पिशवी नाही, दोरी नाही. गल्लीनं तिला असं कधी पाहिलं नव्हतं. दोन बायकांनी एकमेकींकडं पाहिलं.

गुंडप्पा घाईनं पुढं झाला. "वैनी, आत जावा. अंगावर काय हाय तुमच्या?"

"अंगावर अंग हाय, भाऊजी," अक्का म्हणाली. "तेवढं शाबूत हाय, बास."

मग तिनं ओट्यावर बसून केस बांधले आणि पूर्वी लुंबिनी राहायची त्या आपल्याच घरातल्या खोलीतल्या नव्या मुलीला विचारलं, स्वयंपाकघरातला गॅस बंद केला का. तो चालूच होता. तिच्यावर ओरडत अक्का आत गेली.