हप्ता काही वाढला नाही

आमच्याकडं सुट्टीला आलेला फौजी आधी बायकोला भेटत नाही, गवंड्याला भेटतो. हे मी चेष्टेनं म्हणत नाही, चांगलं रागानं म्हणते. आमचे हे वर्षातून एकदा दोन महिन्यांच्या सुट्टीवर यायचे. कराड स्टेशनवर उतरून उंब्रजला पोचायचे, तर आमच्या गल्लीच्या तोंडाशी गवंडी मोटारसायकलवरून एक पाय टेकून उभाच. "रामराम मेजर! सिमेंट कवा टाकायचं?" झालं! बॅगा माझ्या हातात, आणि हे दोघं घराकडं बोटं दाखवत पुढं.

आमच्या भागातल्या फौजी घरांची ही रीतच आहे. घर सुट्टीसुट्टीनं बांधायचं. कर्ज काढून आम्ही खालचा मजला उभा केला, राहायला आलो, वास्तुशांत झाली, सगळं झालं. पण तेवढ्यावर भागतंय होय! एका सुट्टीत बाहेरचा गिलावा. पुढच्या सुट्टीत कंपाउंड. मग फरशी जुनी वाटायला लागली. मग पोर्च, पोर्चवर स्लॅब. कंपाउंडला आणि पोर्चला पैसे कमी पडले तेव्हा बँकेनं त्याच कर्जावर आणखी दिले, अगदी आनंदानं दिले. मुलगी तेव्हा लहान होती. कुणी विचारलं, "पप्पा आल्यात न्हवं? कुठं हायती?" की ती वर बोट करायची. "स्लॅबवर."

बरं, सुट्टीच्या पहिल्याच दिवशी हे परतीचं रिझर्वेशन आरशाच्या कडेला खोचून ठेवायचे. भांग पाडताना रोज माझी नजर त्याच्यावर जायची. मला त्या कागदाचा भयंकर राग यायचा. आणि निघायच्या दिवशी स्टेशनवर गाडी हलली की दारात उभं राहून यांचं शेवटचं वाक्य ठरलेलं. "पाणी मारायला विसरू नका!" कारण काम नेहमी सुट्टी संपता संपता उरकलेलं असायचं आणि सिमेंट ओलं असायचं. दुसऱ्यांचे नवरे जाताना काय काय गोड बोलत असतील, देव जाणे. आमचा माणूस सिमेंटची काळजी करत जायचा.

तरी मी सोसलं. कारण आमचं ठरलं होतं. मुलगी पावलं टाकायला लागली त्या वर्षी वीस वर्षांचं कर्ज काढलं. ती दहावीला जाईल तेव्हा यांची पेन्शन. तोवर निम्म्याच्या वर कर्ज फिटलेलं असेल, राहिलेलं फंडाच्या पैशातून एकदम मिटवायचं आणि माणूस कायमचा घरी. दुसरी नोकरी नाही, पुण्याला सिक्युरिटीत जाणं नाही. घरी. माझं सगळं गणित या एका शब्दावर उभं होतं.

हप्ता पगारातून परस्पर जायचा. आणि तो कधी वाढला नाही. बाहेर व्याजदर वाढले, लोक कुरकुर करायला लागले, पण आमचा हप्ता जागचा हलला नाही. माझ्या सासूबाईंना आम्ही आत्या म्हणतो. त्या तर भावकीतल्या प्रत्येक कार्यक्रमात सांगायच्या, "आमच्या बँकेचा मानूस लय चांगला हाय. येका रुपयानं हप्ता वाढवला न्हाई." मीही मान डोलवायची. फौजी म्हणून मान देत असतील, असं मला वाटायचं. काय भोळेपणा!

मुलगी पाचवीला गेली त्या वर्षी वरचा मजला काढायचं ठरलं. गच्चीवर खांबांच्या सळ्या पहिल्यापासून वर काढून ठेवलेल्या होत्याच, आमच्याकडं सगळ्यांच्याच असतात. त्यात चुलत दिरांचा दुसरा मजला झालेला, त्यामुळं आत्यांना आमची गच्ची बोडकी दिसायला लागली होती. यांनी तिकडून फोन केला. "मी सुट्टीला येईस्तोवर बँकेत जाऊन ये. आनि किती देत्यात इचार." मी शिवणकामाचे आणि यांनी पाठवलेल्यातले उरवलेले असे बरेच पैसे साठवले होते. बाकीचे बँक देईल, देतेच की ती. मी चांगली साडी नेसून कराडला गेले.

बँकेत कर्जाच्या टेबलावर एक तरुण मुलगी बसली होती. सांगलीकडची असावी, बोलण्यावरून वाटलं. माझं माहेर तासगावचं, त्यामुळं मला लगेच बरं वाटलं. मी म्हटलं, "बाई, निम्मं कर्ज फिटत आलंय आमचं. आता वरच्या मजल्याला किती मिळेल ते बघा."

तिनं आमचं खातं काढलं, थोडा वेळ बघितलं आणि मला विचारलं, "ताई, निम्मं फिटलंय असं कुणी सांगितलं तुम्हाला?"

"कुणी कशाला सांगायला पाहिजे? वीस वर्षांतली नऊ झाली."

ती हसली नाही. ती हसली असती तर मी भांडले असते. 

मग तिनं समजावून सांगितलं. सुरुवातीच्या वर्षांत हप्त्यातला मोठा भाग व्याजात जातो, मुद्दल थोडंथोडंच उतरतं. त्यात आम्ही मध्ये दोनदा कर्ज वाढवलेलं. आणि व्याजदर वाढले तेव्हा बँकेनं हप्ता तेवढाच ठेवला होता खरा, पण वर्षं वाढवली होती. तसे मेसेजही पाठवले होते.

आले असतील. मोबाइलवर इंग्रजीत 'डियर कस्टमर' दिसलं की मी अंगठ्यानं पुसून टाकते. अख्खा गाव तेच करतो.

"मग संपणार कधी?" मी विचारलं.

तिनं साल सांगितलं. मी मनातल्या मनात मुलीचं वय मोजलं. सत्तावीस! तोवर माझी लेक नांदायला गेलेली असेल, कडेवर पोर असेल आणि मी त्या पोराच्या बाळंतविड्याच्या खर्चासोबत घराचाही हप्ता भरत असेन. मुद्दल घेतलं होतं त्याच्यापेक्षा किंचितच कमी उरलं होतं. शेवटपर्यंत असंच चाललं, तर एका घरात राहून आम्ही दोन घरांचे पैसे भरणार होतो.

माहेरी आमच्या बेदाण्याच्या शेडवर मी लहानपणापासून बघितलंय, पाट्या भरभरून द्राक्षं जाळीवर टाकायची आणि खाली उतरवताना बेदाणा केवढासा. नऊ वर्षं आम्ही पाट्या भरून टाकत होतो आणि मुद्दलातून मूठभर उतरत होतं. फरक एवढाच की बेदाण्याला भाव येतो.

मी उठले आणि बाहेर आले. स्टँडवर एसटी लागलेली होती. चढायचं सोडून मी बाकड्यावर बसले आणि मला रडू आलं, चारचौघात. पैशाचं नव्हतं ते. पैसे काय, दोघांनी मिळून ओढले असते. पण फंडात हे कर्ज मिटणार नव्हतं. म्हणजे पेन्शन झाल्यावर हे पुन्हा ट्रंक उचलणार. पुण्यात कुठल्यातरी सोसायटीच्या गेटवर निळे कपडे घालून उभे राहणार, लोकांच्या घरांना राखण. आणि आमचं घर? त्याला कोण?

रडून झालं तसा राग आला. माझा राग मला नेहमी उपयोगी पडतो. तशीच उठले आणि बँकेत परत गेले. "हे बघ बाई," मी म्हटलं, "माझा नवरा लेकीच्या दहावीला मला घरात पाहिजे. काय करायचं ते सांग."

तेव्हा ती हसली. खुर्ची पुढं ओढून म्हणाली, "ताई, होतंय. बसा." जास्तीचे पैसे भरले की ते सरळ मुद्दलातून वजा होतात, दंड काही नाही. पण भरताना लिहून द्यायचं, हप्ता कमी करू नका, वर्षं कमी करा. पगार वाढेल तसा हप्ता आपणहून थोडा वाढवून घ्यायचा. आणि नव्या ग्राहकांना व्याजदर कमी आहे, तो आपल्याला लावून मागायचा, मागितल्याशिवाय मिळत नाही. वरच्या मजल्यासाठी साठवलेली रक्कम भरली तर काय होईल, ते तिनं करून दाखवलं. एका झटक्यात कितीतरी वर्षं गळून पडली. मी तिला ते पुन्हा करायला लावलं. मला ते बघायलाच बरं वाटत होतं.

आता प्रश्न घरचा होता. हे आले. गवंडी नाक्यावर हजर. मी बॅग धरायच्या ऐवजी यांचा दंडच धरला. "आधी गच्चीवर चला." गवंडी म्हणाला, "मी बी येतो, वैनी." मी म्हटलं, "तुमी चहा घ्या."

दिवस मावळत होता. सळ्यांना बांधलेल्या दोरीवरचे कपडे काढत काढत मी सगळं सांगितलं. हे ऐकत होते, आणि मध्येच तोंडातून सवयीचं वाक्य आलंच. "अगं, एवढं काय त्यात? पेन्शननंतर सिक्युरिटीत लागीन. सगळेच लागत्यात."

कपडे तसेच खाली टाकले मी. "सगळे लागू द्यात! मला वरचा मजला नको, मला तुमी पायजे. या घरासाठी कर्ज काढलं, आणि ते फेडायच्या नादात तुमीच घरात नाही. कुणासाठी बांधायचं वर? पालींना राहायला?"

असं मी कधी बोलले नव्हते. आमच्यात बोलतही नाहीत. यांनी एक सळई हातात धरली, इकडंतिकडं हलवून बघितली. मग हळू म्हणाले, "या घराची वीट न् वीट मला ठावं हाय. पन थंडीत सकाळचं ऊन कुठल्या खिडकीतनं येतं, त्ये न्हाई ठावं."

"स्वयंपाकघराच्या," मी म्हटलं.

खाली आलो तर खरी लढाई पुढंच होती, असं मला वाटलं. कारण मजल्याची हौस आत्यांची. यांनी आईला सांगितलं की या सुट्टीत काम काढायचं नाही, पैसे बँकेत भरायचे, म्हणजे पेन्शननंतर घरी राहता येईल. आत्या खाली बघून गवार मोडत होत्या. आत्यांचं माहेर दुष्काळी माण तालुक्यातलं, दहिवडीच्या पलीकडचं. त्या एकदम म्हणाल्या, "माजा बा मुंबैला हुता. त्याचं त्वांड मला आठवत न्हाई. त्याची ट्रंक आठवती." मग अंगणात बसलेल्या गवंड्याला आतूनच हाक मारली. "आरं ए, चहा पिला न्हवं? जा आता घरी. ह्या साली काय काम न्हाई."

त्या रकमेचा भरणा आम्ही दोघांनी जाऊन केला. वर्षं कमी करायचा अर्ज यांनी आपल्या हातानं लिहिला. कराडहून येताना मी यांना गाडीवर मागून घट्ट धरलं होतं, उंब्रजचे लोक बघत होते तरी.

मग काय झालं माहितीये? सुट्टी तर अख्खी पडलेली आणि करायला काम नाही! पहिले काही दिवस हे टेप घेऊन भिंती मोजत हिंडले. मुलीनं टेप काढून घेतला आणि सायकल हातात दिली. तिला सायकल यायला लागली ती त्या सुट्टीत. पत्रे मारणं, रंग, नळ, काही नाही. दुपारी हे स्वयंपाकघरात बसून माझ्या मशिनीचा आवाज ऐकत शेंगा सोलायचे. एकदा तर आत्या मला कानात म्हणाल्या, "ह्यो एवढा बोलतो, मला म्हाईतच नव्हतं."

जायच्या दिवशी स्टेशनवर गाडी हलली. हे दारात उभे. तोंड उघडलं आणि तसंच राहिलं. पाणी मारायला काहीच नव्हतं. मुलगी डब्याबरोबर पळत म्हणाली, "पप्पा, बोला की!" यांनी नुसता हात केला आणि तोंड फिरवलं. फौजी रडत नाहीत म्हणे. म्हणू देत.

पुढची वर्षं सोपी नव्हती. पगार वाढला की हप्ता वाढायचा, दिवाळीला एक साडी कमी यायची, आणि मी ब्लाउजामागून ब्लाउज शिवत राहिले. दरवर्षी बँकेत जाऊन साल विचारायचं, ते अलीकडं सरकलेलं बघायचं, हा माझा सण झाला. बँकेतल्या त्या मुलीची बदली झाली, पण जाताना तिनं नव्या साहेबांना सांगून ठेवलं होतं, "या ताई आल्या की आधी खुर्ची द्या." आता इंग्रजी मेसेज आमची मुलगी मोठ्यानं वाचून दाखवते, आणि आत्या भावकीत अभिमानानं सांगतात, "आमचा हप्ता लय वाढलाय!" लोक त्यांच्याकडं बघत राहतात.

वरचा मजला झाला नाही. सळ्या गंजल्यात, त्यांच्यावर दोडक्याचा वेल चढलाय आणि गल्लीभर दोडके वाटून मी कंटाळलेय. कर्ज किती उरलंय ते बँकेनं लिहून दिलंय, ते फंडातून मिटून वर शिल्लक राहील.

मुलगी यंदा दहावीला आहे. गेल्या आठवड्यात हे आले. गवंडी सवयीनं नाक्यावर उभा होता, बिचारा नुसता रामराम करून गेला. हे घरात आले, बूट काढले, तोंड धुतलं, आरशासमोर उभे राहिले. मी दारातून बघत होते. खिसे चाचपले, सवय ती. मग माझ्याकडं वळून म्हणाले, "परतीचं काढलंच न्हाई."

सकाळी स्वयंपाकघराच्या खिडकीतून ऊन आलं तेव्हा हे त्यात पाट टाकून बसले होते. मी चहा ठेवला होता, तो उतू गेला.