काळरहाटाचा मान

कामाला मंजुळाबाईसारखी चपळ बाई अख्ख्या चिखलीत सापडली नसती, आणि हे तुम्हाला सगळ्यात आधी मंजुळाबाईनंच सांगितलं असतं. शेजारणीची चूल पेटेस्तोवर हिची टोपलीभर भाकरी थापून व्हायची. खुरपायला गेली तर हिची पात सगळ्यांच्या पुढं. आणि एवढं असून घरातला मान कुणाला? तर धाकट्या जावेला, शालनला!

मान म्हणजे काळरहाटाचा दांडा. त्यांच्या घरामागं एक विहीर होती, तिच्यात पाण्याचा थेंब नव्हता. तिच्यात काळ साचायचा. तळातून झिरपत वर चढायचा, आणि काठावरून सांडला की ज्याला लागेल त्याचं आयुष्य खाऊन टाकायचा. मागच्या पिढीत जरासा सांडला होता, तर गोठ्यातलं वासरू उभ्या उभ्या म्हातारा बैल झालं आणि हुरड्यावर आलेली ज्वारी बघता बघता कडबा. म्हणून विहिरीवर रहाट बसवलेला, तांब्याचे घडे बांधलेलं मोठं लाकडी चाक. रोज दिवेलागणीला घरातल्या एका बाईनं दांडा फिरवायचा, घड्यांनी काळ उपसायचा आणि दगडी पाटानं मागच्या खडकाळ माळावर थोडा थोडा सोडून द्यायचा. खडकाला काय, शंभर वर्षं इकडं काय न् तिकडं काय. पिंपरीला कारखाने उभे राहायला लागले होते, मंजुळेचा नवरा उद्धवराव सायकलीवरून शिफ्टला जायचा. तरी गाव जगत होतं ते या रहाटाच्या जिवावर. लग्न असो की बारसं, पहिलं कुंकू रहाटवालीला.

सासूचे, यशोदाबाईचे हात थकले तेव्हा मंजुळा नवं लुगडं नेसून तयारच बसली होती. म्हातारीनं दांडा दिला शालनच्या हातात. दिघीची ती शालन! एक तांब्या घासायला बसली तर ऊन डोक्यावर यायचं, अशी संथ.

"थोरली मी का ती?" मंजुळेनं सगळ्यांच्या देखत विचारलं.

"थोरली तूच," सासू म्हणाली. "पण तुझ्या हाताला लई घाई हाय, मंजुळे."

घाई! चपळपणाला घाई म्हणतात होय? त्या दिवशी मंजुळेच्या पोटात जे पेटलं ते काही विझलं नाही. बाया शालनला कुंकू लावून वाकल्या की हिच्या अंगाचा तिळपापड व्हायचा. त्यात शालन "अक्का, अक्का" करत हिच्याच मागं फिरायची, ते तर जास्तच झोंबायचं. मेली भांडली असती तर निदान भांडता तरी आलं असतं.

बोट ठेवायला मंजुळेला एकच जागा होती. रहाट कुरकुरायचा. सासूच्या हातातही कुरकुरायचा, पण ते तिनं म्हातारीच्या चिक्कूपणावर घातलं होतं. "देवासारखा रहाट," ती नदीवर बायांना सांगायची, "आन् त्याला बोटभर त्याल घालायचं सुचंना हिला. आळशी मुलखाची!"

आता रहाटाचं गुपित फक्त दांडा धरणारीलाच सांगायचं, अशी त्या घरची रीत. शालनला ते ठाऊक होतं. मंजुळेला कुणी सांगितलंच नव्हतं.

मग आली खंडेनवमी. त्या दिवशी घरोघर अवजारं धुऊन, पुसून, तेल लावून पुजतात. विळे, खुरपी, नांगराचा फाळ, सगळं चकचकीत झालं. उद्धवरावांनी सायकलीलासुद्धा तेल देऊन झेंडूची माळ घातली. आणि रहाटाला? शालननं हळदीकुंकू वाहिलं, एक माळ चढवली, झालं. संध्याकाळी सगळा गाव नारळ घेऊन येणार होता. मंजुळेच्या मनानं घेतलं, आज दाखवतेच गावाला, खरी रहाटवाली कोण ते. शालन धुणं घेऊन नदीवर गेली तशी हिनं करडईच्या तेलाचं बुधलं उचललं आणि रहाटाच्या कण्यात, चाक ज्यावर फिरतं त्या आसात, रिकामं केलं. हिचं काम कसं, एकदम चोख!

संध्याकाळी गाव जमला. शालननं दांडा धरला, चाक हललं, आणि आवाज म्हणून झाला नाही. मंजुळा पदर सावरून पुढं झाली, आता सांगणारच होती, तोच शालनचा चेहरा पांढराफटक पडला.

"पळा! पळा समदी!"

दांडा तिच्या हातातून निसटला. चाक भिंगरीसारखं गरगरायला लागलं. लाकडावर लाकूड घासायचं, कुरकुरायचं, तीच तर त्या चाकाची वेसण होती. तेल पडलं आणि वेसण सुटली. घडे भरभरून वर यायला लागले, पाटाबाहेर काळ सांडायला लागला. झेंडूची माळ काळी पडून गळाली. पुढ्यातले नारळ कुजून फुटले. गाव जीव घेऊन पळाला, आणि सगळ्यांच्या पुढं कोण? मंजुळाच. चपळ ना ती!

बांधावर पोचून तिनं मागं बघितलं. शालन एकटीच राहिली होती. आऱ्यांना खांदा लावून, मुठी मुठी माती उचलून कण्यात कोंबत होती. घड्यांतला काळ तिच्या डोक्यावरून ओघळत होता. शेवटी चाक करकरलं, मंदावलं आणि थांबलं.

धाकटी जाऊ विहिरीवरून परत आली ती सासूपेक्षा म्हातारी होऊन. केस पांढरे, पाठीला बाक, तोंडात दात नाही.

"त्याल कुनी घातलं?" यशोदाबाईनं विचारलं.

मंजुळेच्या हातांना अजून तेलाचा वास येत होता. शालन शेजारीच होती. तिनं वळून मंजुळेकडं बघितलं.

"मीच, आत्याबाई," शालन म्हणाली. "सणाचं म्हनून घातलं. ध्यानातच ऱ्हायलं न्हाई."

सासूनं कपाळावर हात मारून घेतला. शालनच्या दंडात आता जोर उरला नव्हता, तेव्हा दांडा मंजुळेला मिळाला. गुपित कानात सांगितलं गेलं, कुंकू लागलं, बाया वाकल्या. सगळं मिळालं बघा! पण तिला वाकून झालं की त्याच बाया शालनपुढं जमिनीला डोकं टेकवायच्या. गाव वाचवला होता ना तिनं. आणि शालनचा नवरा भैरू, काळ्याभोर मिशांचा गडी, म्हाताऱ्या बायकोला हाताला धरून उन्हात आणून बसवायचा, दुधात भाकरी कुस्करून भरवायचा. उद्धवरावांनी उभ्या जन्मात चारचौघांत मंजुळेचा हात धरला नव्हता. दांडा फिरवता फिरवता मंजुळा ते बघायची आणि जळायची. लाज वाटत नव्हती का? वाटत होती की. पण जळणं लाजेला भारी पडत होतं.

एका संध्याकाळी तिला राहवलं नाही. ती दांडा फिरवत होती, शालन पाटाजवळ बसली होती, आसपास कुणी नव्हतं.

"कशापायी पांघरून घातलंस गं माज्यावर?" मंजुळा फिसकारली. "आजच्या आज सांगून टाक समद्यांस्नी. तुजं उपकार नगंत मला!"

शालन बोळक्या तोंडानं हसली. त्या हसण्यात खोट शोधून सापडत नव्हती.

"सांगितलं असतं, अक्का, तर आत्याबाईंनी तुमास्नी दांड्याला शिवू तरी दिलं असतं का? आन् तुमास्नी किती हौस हुती."

म्हणजे हा मान सासूनं दिलाच नव्हता, गावानंही नाही. धाकटीनं दिला होता, पोराच्या हातावर खाऊ ठेवावा तसा. दांडा तिथंच टाकून चालतं व्हावं असं मंजुळेला वाटलं. पण काळ काठाशी आला होता. ती फिरवत राहिली, हळूहळू, शालन फिरवायची तशी.