सत्कारापायी गेलेला प्रवेश

आमच्या मंडळाला नाटकापेक्षा सत्कार प्यारा, हे मला पहिल्यापासून ठाऊक होतं. तरी त्या गणपतीत झालं ते आठवलं, की आजही तळपायाची आग मस्तकात जाते.

दोहात तेव्हा वर्ल्ड कपची तयारी जोरात होती. अल अझीझियात आमच्या शेजारच्या व्हिलात एक हंगेरियन मुलगी राहायची, स्टेडियमच्या कामावर इंजिनिअर. तिच्याकडे तिचे वडील राहायला आले. सत्तरी ओलांडलेले, उंच, जन्मभर नट. नायक कधीच नाही. वेटर, हवालदार, दारुडा, वाईट बातमी सांगणारा डॉक्टर, असलीच कामं. आधी गावोगावच्या थिएटरांत, मग बुडापेस्टला, सिनेमात. मी मंडळाची नाटकं बसवते हे कळलं आणि ते संध्याकाळी चहाला यायला लागले. इंग्रजी जेमतेम, पण बोलायची हौस दांडगी.

एकदा मुलीने मला बाजूला घेऊन सांगितलं. शेवटच्या नाटकात ते भर प्रयोगात वाक्यं विसरले होते. त्यानंतर त्यांना कुणी बोलावलं नाही, आणि का, हेही कुणी तोंडावर सांगितलं नाही. आपल्याला अजून जमतं का, एवढंच त्यांना एकदा लोकांसमोर उभं राहून बघायचं होतं.

म्हणून मी आमच्या नाटकात त्यांच्यासाठी एक प्रवेश लिहिला. नातवासाठी मुलगी बघायला आलेला, मोडकं मराठी बोलणारा परदेशी आजोबा. पोहे खातो आणि गेलेल्या बायकोची आठवण सांगतो, बास. पण काय जीव ओतला हो त्या माणसाने! या आजोबाला पोहे खरंच आवडतात की भिडेखातर खातो, इथपासून प्रश्न. कोटाच्या खिशात त्यांनी बायकोचा म्हणून एक हातरुमाल ठेवला. लोकांना दिसणार नाही म्हटलं तर म्हणाले, मला माहीत असलं की झालं. माझ्या तोंडाकडे बघत एकेक शब्द घोटला. त्यांचा ‘ळ’ आमच्या इथे वाढलेल्या पोरांपेक्षा स्वच्छ होता.

हॉल एका शाळेचा होता, दहाला रिकामा करायचा. प्रमुख पाहुणे वेस्ट बेहून निघाले ते रस्त्यांच्या खोदकामात अडकले, आणि पहिला अंक संपता संपता उगवले. मग मध्यंतरात सत्कार. नाकापेक्षा मोती जड! पाहुण्यांचा, त्यांच्या सौभाग्यवतींचा, मग वर्गणी देणाऱ्या प्रत्येकाचा. त्यात अध्यक्षांना आठवलं, अरे, आपल्याकडे परदेशी पाहुणे पण आहेत! रंगवलेल्या चेहऱ्याच्या आजोबांना विंगेतून बोलावून शाल आणि नारळ दिला. ते बिचारे नारळ धरून उभे, ओठ आपली वाक्यं पुटपुटतायत. लोक टाळ्या वाजवतायत.

दुसरा अंक सुरू झाला आणि अध्यक्ष विंगेत आले. वॉचमन दिवे घालवायला दारात उभा आहे, म्हणाले, आजोबांचा प्रवेश काढा, त्याने गोष्टीला काही धक्का लागत नाही. मी भांडले. निदान तेवढा तरी होऊ द्या म्हणून हात जोडले.

"अहो वहिनी, त्यांचा सत्कार झाला ना? मग? खलास!"

खलास म्हणे! मी तोंड उघडेपर्यंत त्यांनी परस्पर पुढच्या प्रवेशाची मंडळी स्टेजवर ढकलली होती. आजोबा पोह्यांची बशी घेऊन तिथेच उभे राहिले. असला संताप मला जन्मात आला नव्हता. पडदा पडल्यावर मी अध्यक्षांना चारचौघांत नको नको ते बोलले, त्याचं मला आजही काही वाटत नाही.

परतताना गाडी मी चालवत होते. खरं काय झालं ते त्यांना सगळं सांगितलं. पाहुण्यांना झालेला उशीर, शाली, नारळ, वॉचमन. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं. नाटक चालू असताना मध्येच लोकांना शाली घालत बसतात आणि त्यासाठी नटाचा प्रवेश कापतात, हे त्यांना पटेना. जन्म थिएटरात गेलेल्या माणसाला कसं पटणार?

"तू मनाची चांगली आहेस," ते म्हणाले. "पण मी विसरेन अशी तुम्हाला भीती वाटली, हे सरळ सांगितलं असतंस तरी चाललं असतं."

मी शपथा घेतल्या. मागे बसलेल्या मुलीनेही सांगून पाहिलं. ते नुसते माझ्याकडे बघून हसले. समजूत काढणाऱ्या लहान मुलाकडे बघून हसावं, तसे.