वत्सलावहिनींचे स्कोन

चार बायका एका ओव्हनभोवती जमल्या की स्कोन जेमतेम डझनभर होतात, किस्से मात्र डबाभर. आमच्या ओतूरच्या कॉलनीतला तो डबा अजून रिकामा झालेला नाही.

नव्वदीच्या शेवटाची गोष्ट. शेजारच्या उज्ज्वलानं पुण्याहून अ‍ॅल्युमिनियमचा गोल ओव्हन आणला आणि स्कोन शिकून आली. स्कोन म्हणजे पाव आणि बिस्कीट यांच्या मधलं काहीतरी. मैद्यात गार लोणी चोळायचं, आंबट ताकानं पीठ कसंबसं गोळा करायचं, की भाजल्यावर ते हलकं फुलून येतं. वर साय आणि गुळांबा. आम्ही सगळ्या वेड्याच झालो. ओव्हन पाळीपाळीनं घरोघर फिरू लागला.

* * *

ओव्हन लावला की आमच्या ओळीचा फ्यूज उडायचा. पहिल्या दिवशी वायरमन तणतणत आला. उज्ज्वलानं त्याला चहाबरोबर दोन गरम स्कोन दिले. तेव्हापासून तो सायकलवरून जाताना आपणहून सांगायचा, "वैनी, तीनपातूर लाईट हाय. काय भाजायचं ते भाजून घ्या."

एकदा फ्यूज उडालाच नाही, तरी गडी दारात हजर. म्हणाला, चेक करायला आलो.

* * *

सगळ्यांचे स्कोन फुलायचे, फक्त वत्सलावहिनींचे नाही. वहिनी डिंगोऱ्याच्या शेतकरी घरातल्या. बाजरीचं पीठ जीव खाऊन मळलं नाही तर भाकरी चिरते, हे लहानपणापासून हातात मुरलेलं. स्कोनचं पीठ मळायचंच नसतं, हे त्यांना पटायचं, हाताला पटायचं नाही. उज्ज्वला त्यांचं मनगट धरून उभी राहायची. ती जरा वळली की वहिनी पटकन दोन गुद्दे घालून घ्यायच्या!

पहिला घाणा त्यांच्या मिस्टरांनी मळ्यात डब्यात नेला. संध्याकाळी वहिनींनी विचारलं, कसे झाले? माणूस सरळ. म्हणाले, "दोन मी खाल्ले, दोन बैलाला घातले. बैलानं एकच खाल्ला."

* * *

आम्ही खूप हसलो, वहिनीही हसल्या. पण त्यांचं खरं दुखणं वेगळं होतं. घरात सासूबाई. तोंडात दात नाही, आणि तोंडातून कौतुकाचा शब्दही नाही. वहिनी लग्न होऊन आल्यापासून पुरणपोळी असो की मासवडी, म्हातारी गुमान खायची आणि ताट सरकवायची. "एकदा नुसतं बरं झालं म्हनल्या तरी मी भरून पावंन," असं वहिनी मला म्हणाल्या होत्या. दात नसलेल्या माणसाला मऊ, हलका स्कोन आवडेलच, या आशेवर त्या दर पाळीला भिडायच्या. मला त्यांचं फार वाईट वाटायचं.

एकदा सासूबाईंनी स्कोन चहात बुडवला आणि धरून बसल्या. मग कप खाली ठेवून म्हणाल्या, "च्या संपला, पर ह्ये काय भिजंना."

वहिनी आत जाऊन रडल्या. त्यानंतर दोन पाळ्या त्यांनी ओव्हन घेतलाच नाही.

* * *

मग त्या अंगणात शेवाळावर घसरल्या. उजवं मनगट मोडलं. आळेफाट्याला जाऊन कोपरापर्यंत प्लास्टर घालून आल्या. नेमकी तेव्हाच ओव्हनची पाळी त्यांची. आम्ही म्हटलं, राहू द्या, पुढे बघू. पण घरात नुसतं बसून त्या कंटाळल्या होत्या. डाव्या हाताच्या बोटांनी त्यांनी लोणी चोळलं, ताक शिंपडलं, पीठ कसंबसं गोळा केलं. गुद्दा घालायला हातच नव्हता.

ओव्हनच्या काचेतून आम्ही सगळ्या डोकावून बघत होतो. स्कोन फुलले. नुसते फुलले नाहीत, एकमेकांना टेकले. उज्ज्वलाच्या डोळ्यांत पाणी आलं, माझ्याही.

बशी सासूबाईंपुढे गेली. त्यांनी एक खाल्ला, चहाशिवाय. दुसरा खाल्ला. तिसऱ्याला साय लावून मागितली. आम्ही दारात उभ्या. वहिनी प्लास्टरचा हात छातीशी धरून खालमानेनं बसलेल्या. म्हातारीनं बोटानं बशीतला चुरा टिपला, पदरानं तोंड पुसलं आणि पहिल्यांदाच सुनेकडं नीट बघितलं.

"वत्सले," त्या म्हणाल्या, "त्ये प्लास्टर येवढ्यात काढू नगंस."