ठरावातले शेवटचे दोन शब्द

वाचनालयातल्या मंडळींनो, दमलोय, पण आज घडलेलं लिहून फळ्यावर चिकटवतोच.

परवा तुम्ही विचारलंत, आपला पक्ष डावा की उजवा? मी ऐटीत म्हणालो, मध्यापासून जरासा डावीकडे. प्रांताच्या निवडणुकीत तेच सांगत फिरतोय.

आज सकाळी खामगावात कापसाच्या जिनिंग कारखान्याच्या फाटकावर पक्षाचा ठराव वाचला. 'जिनातलं काम दहा तासांचं असावं, मालकांना परवडल्यास.' समोर रुईने माखलेल्या बाया होत्या. शेवटचे दोन शब्द तोंडातून निघेनात, मी ते गाळले. टाळ्या पडल्या.

दुपारी जिनमालकांच्या बैठकीत तोच ठराव वाचला. तेच दोन शब्द ठासून वाचले. तिथेही टाळ्या.

त्या बैठकीत पाणी द्यायला जिनातलीच गंगूबाई होती. निघताना तिने गाठलं.

"भाऊ, ते शेवटचं सकाळी आमाले काऊन नाई सांगतलं?"

"घाईत राहून गेलं, बाई."

"हाव? मंग उद्या या मालकायच्यापुढंबी अशीच घाई करजा."

उद्या मालकांची पुन्हा बैठक आहे. ते दोन शब्द तिथे गाळायचे म्हणतोय. एकट्याने जमेलसं वाटत नाही. सोबत कोण येतं?