न खुडलेल्या पानांचं झाड

नदीकाठच्या सा देक गावच्या फुलमळ्यांत साऊमावशीला ओळखत नाही असं माणूस सापडायचं नाही. लोक तिच्याकडे घटका ठेवायला येतात. कुणी लेकीच्या लग्नाची, कुणी बाळाच्या पहिल्या हसण्याची, कुणी परदेशी निघालेल्या भावाबरोबर शेवटचं जेवल्याची. मावशी त्या माणसाला मइच्या, म्हणजे नव्या वर्षाला पिवळं फुलणाऱ्या झाडाखाली उभं करते, एक कोवळी कळी न तोडता त्याच्या ओंजळीत देते आणि वरून आपले तळहात झाकते. कळी गरम होते. हात काढले की ती घटका माणसाच्या आठवणीतून निघून कळीत जाऊन बसलेली असते.

मग वर्षाच्या शेवटच्या महिन्यात झाडाची सगळी पानं हाताने खुडायची. पानं गेली की कळ्या जाग्या होतात. तेतच्या, नव्या वर्षाच्या सकाळी पिवळी फुलं उमलली की झाडाखाली उभ्या असलेल्याला आपली घटका परत मिळते, काल घडल्यासारखी ताजी. हवी तर पुढच्या कळीत पुन्हा ठेवायची. कळीच तुटली, तर मात्र गेली ती गेली.

सगळ्या गावाच्या घटका अशा जपणारी ही बाई घरात मात्र भारी घाबरट. लुआ, तिची एकुलती एक लेक, नदीतून नाव वल्हवत बाजाराला गेली की मावशीचा भात हमखास करपतो.

"अगं, पोरगी वीस वर्षांची झाली," शेजारचे म्हातारे तामकाका म्हणत. "अजून किती दिवस किनाऱ्यावर उभी राहून नदीला दम देणार आहेस?"

"तुम्हाला लेकरू असतं म्हणजे कळलं असतं, काका."

"नाही ना! म्हणून तर झोप लागते मला."

स्वयंपाकघरामागे एक मइचं झाड होतं. त्याची पानं मावशीने कधीच खुडली नाहीत. कुणी विचारलं तर म्हणायची, त्याला विश्रांती आहे. त्या झाडात लुआची घटका होती. पुराच्या दिवसांत फुलांच्या कुंड्या पाण्यावर उभारलेल्या बांबूंच्या मांडवांवर असतात आणि माणसं नावेतून त्यांना पाणी घालत फिरतात. सात वर्षांची लुआ अशीच नावेतून पडली. बऱ्याच वेळाने तामकाकांनी तिला आणून दिलं, ओलीचिंब, थरथरणारी. मावशीने एक शब्द न विचारता तिला झाडाखाली नेलं आणि ती घटका कळीत घातली. लुआ शांत झोपली. पाण्याची भीती तिला कधी शिवली नाही.

आता तिला कान थो शहराला जायचं होतं. तिथे मोठ्या नदीच्या पात्रात नावांचा बाजार भरतो. तेत झाला की स्वतःची नाव घेऊन, एकटीने, फुलं विकायला.

आणि नेमक्या याच वर्षी त्या झाडाला अळ्या लागल्या. मावशी गावभरच्या झाडांची पानं खुडत फिरत होती, तेवढ्यात अळ्यांनी घरामागचं झाड बोडकं करून ठेवलं. फांद्यांवर कळ्या टरारून फुगल्या.

मावशी कळीला चिमूट लावून उभी राहिली. ही उमलली तर ते सगळं पोरीला परत आठवणार. मग ती नावेत पाय तरी ठेवेल का? एक चिमूट, आणि सगळं संपलं असतं.

"खुडतेस?" कुंपणापलीकडून तामकाकांचा आवाज आला. "घटका तुझी आहे का?"

मावशीचा हात खाली आला. त्या संध्याकाळी तिने लुआला सगळं सांगितलं.

लुआचा घास हातातच राहिला. "माझी घटका, आई? मला न विचारता?"

"तू थरथरत होतीस गं."

"मग जवळ घ्यायचंस."

तेतपर्यंत मायलेकी मिठापुरतं, तेलापुरतं बोलल्या.

तेतच्या सकाळी लुआ नवे कपडे घालून झाडाखाली उभी राहिली. मावशीने तिची बाही घट्ट धरली होती. तामकाका केळीच्या पानातला चिकट भाताचा गोळा खात कुंपणाला टेकले होते. कळी उकलली. लुआला कापरं भरलं. डोळे मिटून तिने हवेत एक हात पुढे टाकला, काहीतरी पकडलं, मग दुसरा टाकला.

"बाळा, सोड, सोड ते!" मावशी रडायला लागली.

लुआने डोळे उघडले. "काका, तुम्ही मला पाण्यातून काढलंच नव्हतं."

"मी कधी म्हटलं काढलं म्हणून? तू माझ्या मांडवाला लटकलेली होतीस आणि माझ्या बदकांना शिव्या देत होतीस. सांगायला तोंड उघडलं, तर तुझी आई तुला हिसकावून पळाली!"

"मी बांबू धरत धरत आले, आई. एक सोडायचा, दुसरा धरायचा. भूक लागली म्हणून झेंडूच्या पाकळ्याही खाल्ल्या. भीती वाटत होती, फार वाटत होती. पण येत राहिले."

इतकी वर्षं मावशीने ही घटका बुडण्याची म्हणून सांभाळली होती. सवयीने तिचे तळहात पुढे झाले. "पुन्हा ठेवू का? शेंड्याला एक कळी आहे अजून."

"नको. ही माझ्याकडेच असू दे. मोठ्या नदीवर लागेल मला."

मावशीने हात मागे घेतले, डोळे पुसले आणि नाक ओढलं.

"जा," ती म्हणाली. "पण वल्ही दोन जास्तीची ने. एखादं वाहून गेलं तर?"